नानांना रेल्वेतून उतरवा

नाना शंकरशेटांची पुण्यतिथी ३१ जुलैला झाली आणि दरवर्षीप्रमाणे यंदाही सगळे वक्ते बोरीबंदरहून ठाण्याला जाऊन आले. १६ एप्रिल १८५३, पहिली आगगाडी, नाना डब्यात बसलेले. हार घातला, चहा झाला, पांगापांग. ज्यांना थोडं जास्त बोलायचं होतं, त्यांनी मुंबई सेंट्रलचं नामांतर काढलं. स्टेशनांच्या नामांतराबद्दल फार बोलत नाही. पाट्या रंगवणाऱ्यांना काम मिळतं, एवढंच म्हणतो.

रेल्वेत नानांचा वाटा होताच. ग्रेट इंडियन पेनिन्सुला कंपनीच्या संचालकांत ते होते. पण सावकारी आणि व्यापार करणाऱ्या माणसाने रेल्वेत रस घ्यावा, यात नवल कसलं? माल लवकर हलतो. शेटजींमधला पुढारी पाहायचा, तर त्यांची भूमिका धंद्याच्या सोयीची नव्हती तिथे पाहावा. तशी जागा म्हणजे १८४७ चा बोर्ड ऑफ एज्युकेशनमधला शिक्षणाच्या माध्यमाचा वाद. त्यावर मात्र कुणी तोंड उघडत नाही.

बोर्डाचे अध्यक्ष होते न्यायमूर्ती अर्स्किन पेरी. त्यांचा हिशेब सरळ होता. पैसा थोडा आहे, तो वरच्या वर्गातल्या मोजक्या मुलांना इंग्रजीतून उत्तम शिकवण्यावर घाला. विद्या पुढे आपोआप खाली झिरपेल. विरुद्ध बाजूला नाना, फ्रामजी कावसजी आणि महंमद इब्राहिम मकबा, आणि त्यांच्या जोडीला कर्नल जर्व्हिस. नानांनी लेखी टिपण दिलं. सामान्य लोकांपर्यंत ज्ञान न्यायचं, तर ते त्यांच्या भाषेतूनच जाईल, हा त्याचा गाभा. इंग्रजीचा त्यांना तिटकारा नव्हता. एल्फिन्स्टन कॉलेजच्या उभारणीत ते होतेच.

आता या दोघांना शेजारी उभं करा. पेरी म्हणजे कुणी खलनायक नव्हे. पुढे पार्लमेंटात त्यांनी हिंदुस्थानची बाजूही मांडली. पण त्यांना हवी होती ती मूठभर हुशार पोरं. नाना गर्भश्रीमंत. अरब आणि अफगाण व्यापारी बँकेपेक्षा त्यांच्याकडे पैसा ठेवणं पसंत करत, अशी पत. ती मूठभर पोरं इंग्रजी शिकून बाहेर पडली असती, तर आधी कुणाच्या उपयोगी पडली असती? पेढ्यांच्या आणि कचेऱ्यांच्या. दुभाषे, कारकून, पत्रं लिहिणारे, सगळे आयते आणि तेही सरकारी खर्चाने. नानांच्या घरच्या मुलांना तर मास्तर घरी बोलावूनही इंग्रजी शिकवता आलं असतं. तरी शेटजी बोलले ते ज्या पोराचा पेढीला काडीचा उपयोग नाही, त्याच्या बाजूने. १८५२ ची बॉम्बे असोसिएशन आणि १८६२ ची मुंबईच्या कायदेमंडळातली जागा या गोष्टी नंतरच्या. माझ्या लेखी नाना पुढारी झाले ते या टिपणाने.

वादावर सरकारने असं गुळमुळीत उत्तर दिलं, की दोन्ही बाजूंना आपणच जिंकल्यासारखं वाटलं. १८५४ च्या वुडच्या शिक्षणविषयक खलित्यात मात्र बहुजनांना देशी भाषांतून शिकवण्याचं तत्त्व आलं.

आणि आजचे शेटजी-पुढारी? २०२५ च्या जूनमध्ये शाळांत पहिलीपासून हिंदी आणण्याचे शासननिर्णय मागे घेतले गेले, तेव्हा श्रेय घ्यायला सगळ्या पक्षांची झुंबड उडाली. त्या झुंबडीतल्या किती जणांच्या शिक्षणसंस्था मराठी माध्यमाच्या शाळा जोमाने चालवतात? किती जणांची नातवंडं त्या शाळांत बसतात? माझ्याकडे यादी नाही, पण पैज लावायला मी तयार आहे.

बाकी पेरीसाहेबांनी एका बाबतीत नानांवर मात केलीच. इतकी वर्षं मराठी घरांत शंकरशेट हे नाव पोहोचलं, ते मॅट्रिकला संस्कृतात पहिल्या येणाऱ्याच्या शिष्यवृत्तीमुळे. म्हणजे पुन्हा मूठभर हुशार पोरांमुळेच.