पदर सांभाळणारा हात

भोपाळमधल्या अवधपुरीच्या चौकात भाजीच्या वेळेला दहा मिनिटे उभे राहिले तरी हे दृश्य दिसते. मोटारसायकलवर मागे, दोन्ही पाय एका बाजूला सोडून बसलेली बाई. एका हातात पिशवी, दुसऱ्यात पदर. खड्डा आला तर आधाराला धरायचे कशाने? चाकाशेजारी साडी गार्डची जाळी असते, ती हौसेची नाही. मागे बसणाऱ्याचे कपडे चाकात अडकू नयेत म्हणून निम्मे चाक झाकलेच पाहिजे, असे १९८९च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांतील १२३वा नियम सांगतो. नियम रास्त आहे, जीव वाचवणारा आहे. मात्र सोय झाली ती मागच्या सीटची.

दोष सरसकट साडीचा म्हणावा, तर नऊवारी आडवी येते. कासोट्याने ती दोन्ही पायांना वेगळी वाट देते. त्यात भातलावणी होते, टांग टाकून घोड्यावरही बसता येते. पुढे सुटसुटीत आणि आधुनिक म्हणून पाचवारी आली. कापड चार वार कमी झाले, आणि ढांग परकराच्या घेराएवढी उरली! कासोटा आता शेतात, नाहीतर लग्नाच्या फोटोत. सवय अशी मुरते की आखडलेले पाऊलच ‘बाईची चाल’ ठरते आणि ढांगा टाकणारी मुलगी घरात बोलणी खाते.

याच भोपाळवर राज्य केलेल्या बेगमांनी कपडा आणि मोकळीक यांचा हा हिशेब आणखी गुंतागुंतीचा केला आहे. सिकंदर बेगम पडदा न पाळता, घोड्यावर बसून राज्य बघत. त्यांची मुलगी शाहजहान बेगम १८७१च्या दुसऱ्या विवाहानंतर पडद्यात गेली आणि कारभारात पतीचा शब्द वजनदार झाला. इथवर सरळ वाटते. पण नात सुलतान जहान बेगमने १९०१ ते १९२६ बुरख्यातूनच राज्य केले आणि १९२०मध्ये अलीगढ मुस्लिम विद्यापीठाची पहिली कुलपतीही तीच झाली. तेव्हा कापड किती, यापेक्षा ते कोणी ठरवले आणि अंगावर असताना निर्णय कोणाच्या हाती राहिला, हे विचारणे अधिक उपयोगाचे. अर्थात गादी असलेल्या बाईला बुरखा जितका सोसतो तितका बसथांब्यावरच्या बाईला सोसेलच असे नाही.

त्याच चौकातून स्कूटीवरच्या मुलीही जातात. डोळे सोडून सगळा चेहरा ओढणीत. ऊन, धूळ आणि ओळखीचे काका, तिन्हींवर एकच उपाय. हँडल त्यांच्याच हातात असते. कुर्त्याला खिसा मात्र शिंप्याने अजून दिलेला नाही, म्हणून मोबाईल कानाशी, ओढणीच्या घडीत खोचलेला.