एकीला प्रेयसी केले, दुसरीला आई
(पर्वत पाटियाकर)

नटनट्यांनी राजकारणापासून चार हात दूर राहावे, हे सुभाषित आमच्या पर्वत पाटियातील एका मराठी मंडळाच्या व्यासपीठावरून याही आठवड्यात ऐकावे लागले. परंतु ते ऐकवणाऱ्या वक्त्याने आदर्श म्हणून ‘श्यामची आई’तील वनमालाबाईंचे नाव घ्यावे, तेव्हा मात्र माझा संयम सुटला. श्रीफळ देण्यापूर्वी वक्त्याची थोडी तोंडी परीक्षा घेण्याचा रिवाज पडला, तर निम्मे नारळ दुकानातच राहतील.

वनमालाबाई, म्हणजे पूर्वाश्रमीच्या सुशीला पवार, या ग्वाल्हेर संस्थानातील एका बड्या अंमलदाराच्या कन्या. १९४० साली त्या ‘लपंडाव’मधून पडद्यावर आल्या आणि लगेच दुसऱ्या वर्षी सोहराब मोदींच्या ‘सिकंदर’मध्ये रुखसाना झाल्या. परचक्रास तोंड देणारा पोरस पाहून पलटणीतील शिपायांचे मन कोणीकडे वळेल, या धास्तीने सरकारने लष्करी छावण्यांतील काही चित्रगृहांत त्या चित्रपटास मनाई केली. पुढे स्वातंत्र्यलढ्यातील अरुणा असफअली आणि अच्युतराव पटवर्धन यांच्या वर्तुळाशी बाईंचा संबंध होता, असे त्यांचे चरित्र लिहिणारे नमूद करतात. चार हात दूर राहण्याची ही रीत मला तरी नवी आहे.

राजकारणापासून खरोखरच दूर राहू पाहणाऱ्या नटीचे काय होते, हे पाहायचे असेल तर प्रागच्या लिडा बारोवाकडे पाहावे. दोघींच्या वयात जेमतेम वर्षाचे अंतर. १९३५ पासून बर्लिनच्या पडद्यावर नाव मिळवीत असलेली ही नटी प्रचारमंत्री गोबेल्सच्या प्रेमात सापडली; १९३८ साली हिटलरने स्वतः मध्ये पडून ते प्रकरण मोडले, तेव्हा मंत्र्याची खुर्ची जागच्या जागी राहिली आणि हकालपट्टी झाली ती नटीची. तिचा नुकताच पुरा झालेला चित्रपट डब्यात बंद झाला, तो १९५० साली लोकांपुढे आला. ती प्रागला परतली, तर पाठोपाठ जर्मन फौजाही तेथे दाखल झाल्या. आणि युद्ध संपल्यावर शत्रूशी संगनमत केल्याच्या संशयावरून स्वदेशाच्या सरकारने तिला तुरुंगात टाकले. चौकशी चालू असतानाच तिची आई वारली. १९४६ साली धाकट्या बहिणीने, तीही नटीच, आत्महत्या केली. बारोवा निष्पाप होती, असे माझे म्हणणे नाही. १९३८ च्या बर्लिनमध्ये काय चालले आहे ते न दिसण्याइतकी ती दुधखुळी खचित नव्हती. पण तिचा आधीचा प्रियकर, नट गुस्ताव फ्रोलिश, १९५१ साली जर्मन पडद्यावर पुन्हा सुखाने मिरवत होता, हेही तिच्या निंदकांनी टिपून ठेवावे. पुरुषांची कैफियत नेहमीच लवकर मंजूर होते, हे माझे जुनेच तुणतुणे आहे आणि ते मी सोडणार नाही.

आता १९५३ साल घ्या. त्या वर्षी फेलिनीच्या ‘ई वितेल्लोनी’त बारोवा एका दुकानदाराच्या पत्नीच्या छोट्याशा भूमिकेत दिसते, दुकानातला नवा नोकर तिच्याशी लगट करू पाहतो आणि ती त्याला झिडकारते. वयाच्या चाळिशीच्या उंबरठ्यावर, इतके भोगून झाल्यावरही, हिच्या वाट्याला भूमिका आली ती परपुरुषाच्या मोहाचा विषय होण्याचीच! त्याच वर्षी आचार्य अत्र्यांच्या ‘श्यामची आई’त वनमालाबाई कोकणातल्या दरिद्री, मानी गृहिणीच्या रूपात उभ्या राहिल्या, आणि त्या चित्रपटास राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले. गौरव योग्यच होता. पण त्या पदकाच्या झळाळीत रुखसाना कोणाला आठवेनाशी झाली. युरोपाने एकीचे नाव प्रेयसी म्हणून दप्तरी दाखल केले, आम्ही दुसरीचे आई म्हणून केले, आणि दोन्हीकडचे कारकून आपापल्या कामगिरीवर संतुष्ट राहिले. पुढे वनमालाबाई सिनेमा सोडून वृंदावनास गेल्या, तेव्हा तर आमची मोठीच सोय झाली: संन्यासिनीला राजकारण होते काय, हे विचारायचे कोणी?

त्या वक्त्यांनी, आणि टाळ्या वाजवणाऱ्या श्रोत्यांनीही, ‘सिकंदर’ मिळवून एकदा अवश्य पाहावा. सबंध पाहण्यास सवड नसेल, तर रुखसाना पोरसाला राखी बांधून सिकंदराच्या जिवाचे वचन मागून घेते, तेवढा प्रसंग पाहिला तरी पुष्कळ आहे.