माफी मागितली की सुटले?

“कोर्टाचा हुकूम मोडला तर काय होणार? माफी मागितली की सुटले!” असे बोलणारे कचेरीत आणि कारखान्याच्या गेटवर नेहमी भेटतात. आमच्या मते ही अर्धवट माहिती आहे आणि तिचा तोटा गरिबालाच होतो.

न्यायालय अवमान कायदा १९७१ सालचा आहे. त्याच्या कलम १२ नुसार ६ महिन्यांपर्यंत साधी कैद, २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. मात्र न्यायालयाचे समाधान होईल अशी माफी मागितली, तर आरोपीला सोडता येते किंवा शिक्षा माफ करता येते. माफी प्रामाणिक असेल, तर केवळ ती सशर्त आहे म्हणून फेटाळू नये, असेही कायदा सांगतो. म्हणजे माफी हा हक्क नव्हे. ती खरी आहे की नाही, हे न्यायालय तपासते.

आपल्या महाराष्ट्रातलेच उदाहरण घ्या. लाकूड कापण्याच्या विनापरवाना गिरण्या बंद ठेवण्याचा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश असताना काही गिरण्यांना परवानगी दिली गेली. २००६ साली न्यायालयाने मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची कैद सुनावली. त्यांची माफी न्यायालयाने स्वीकारली नाही. मंत्रिपदही कामी आले नाही.

याची दुसरी बाजूही आहे. २०२० साली वकील प्रशांत भूषण यांना त्यांच्या दोन ट्विटबद्दल दोषी ठरवून न्यायालयाने माफीसाठी मुदत दिली. मनात नसलेली माफी मागणे हा आपल्या सदसद्विवेकबुद्धीचा अवमान ठरेल, असे सांगून त्यांनी नकार दिला. दंड झाला १ रुपया! तो त्यांनी भरला. माफी सक्तीने वदवून घेता येत नाही, हेच यातून दिसले.

आता आपल्या घरचा प्रश्न. कामावर परत घेण्याचा किंवा थकलेली देणी देण्याचा हायकोर्टाचा हुकूम मालक पाळत नाही. अवमान अर्ज केला की तो हात जोडून उभा राहतो. अशा वेळी भुलू नका. “माफी ठीक आहे, पण हुकुमाचे काय?” हे आपल्या वकिलामार्फत विचारा. हुकूम मोडल्यापासून १ वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो, हेही ध्यानात ठेवा. मालकाने हात जोडले म्हणून आपली चूल पेटत नाही. हुकुमाची अंमलबजावणी झाली तरच पेटते.