डाव राखायचा की छापायचा?



पंधरा ऑगस्टला मैदानावर कराटेची प्रात्यक्षिकं झाली, की दोन दिवसांनी पेपरात वाशिमच्या पानावर फोटो येतो. पांढरे कपडे, रंगीत पट्टे आणि कडेला हाताची घडी घालून उभे सर! घरात कुणीतरी म्हणतंच, "शिकवणाऱ्यानं शिकवावं. पेपरात कशाला मिरवायचं?"

नुसतं मिरवणं वाईटच, बरं का! पण जरा मागे जाऊ या.

पूर्वी आखाड्यातले काही उस्ताद एखादा खास डाव राखून ठेवायचे. दाखवलाच, तर लाडक्या चेल्याला. उस्ताद गेले की डावही गेला! लाठी-बनेटीचे किती हात असे मातीत गेले असतील, कोण मोजणार?

सयाजीराव गायकवाडांच्या बडोद्यात जुम्मादादा व्यायाममंदिर होतं. तिथे प्रा. माणिकराव कुस्ती, लाठी शिकवत. गावातल्या लोकांची मोडलेली हाडंही बसवून देत. जुम्मादादा हे त्यांचे गुरू. गुरू मुसलमान, चेला हिंदू, आणि आखाड्याला नाव गुरूचं!

त्याच शहरात दत्तात्रय चिंतामण मुजुमदारांनी १९१५ साली 'व्यायाम' हे मराठी मासिक सुरू केलं. पुढे १९३६ ते १९४९ या काळात त्यांनी 'व्यायाम ज्ञानकोश' काढला. एक-दोन नव्हे, दहा खंड! आखाड्यातली विद्या सगळ्यांसाठी छापून मोकळे.

यात धोका नव्हता का? होता की! समोरच्या पैलवानालाही डाव कळणार. आणि पुस्तक उघडून कुणी एकट्यानंच मल्लखांबावर उडी मारली, तर पुन्हा हाडवैद्यच गाठावा लागणार. तरीही छापलं, म्हणून ते आज वाचता येतं.

आपल्या विभागातलंच बघा. अमरावतीत वैद्य बंधूंनी १९१४ साली संस्था काढली. तेच हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ. मंडळाच्या पथकानं १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी कबड्डी खेळून दाखवली. हे खेळ आखाड्याच्या भिंतीआडच राहिले असते, तर बर्लिनकरांना काय कळलं असतं?

तेव्हा पुढचा फोटो आला की सरांना विचारा, "सर, आपल्या गावात जुनी लाठी कुणाला येते? त्यांच्याबद्दल पेपरात लिहाल का?" एखादे आजोबा अजून सापडतील. हात कसा फिरतो ते सर बघतील. वही-पेन्सिल घेऊन तुम्ही शेजारी बसा.