खाकीची फिर्याद कोणी ऐकायची?

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आपण सहज वापरतो. पोलीस शिपायाला मात्र ती पाळता येत नाही. आरोपी हजर करायला, साक्ष द्यायला त्याला ती पायरी वारंवार चढावीच लागते. परंतु तोच शिपाई स्वतःच्या नोकरीचे गाऱ्हाणे घेऊन न्यायासनापुढे उभा राहिला, की ज्या यंत्रणेचा तो हात आहे तीच त्याला वर्षानुवर्षे ओळख दाखवीत नाही. हा एका खात्याचा प्रश्न मानून साहित्यप्रेमींनी त्याकडे पाठ फिरवू नये. ‘न्याय’ या शब्दात अर्थ उरला आहे की नाही, हा भाषेचाही प्रश्न आहे.

इतर नोकरदारांना संघटना आहे, मोर्चा आहे. पोलिसांच्या संघटनास्वातंत्र्यावर १९६६च्या कायद्याने मर्यादा घातली. ऑगस्ट १९८२ मध्ये मुंबईत पोलिसांचा असंतोष रस्त्यावर आला, तेव्हा त्यांच्या संघटनेची मान्यताच काढून घेण्यात आली. शिस्तबद्ध दलात संप नको, हे मान्य. पण ज्याचा रस्ता बंद केला, त्याच्यासाठी न्यायालयाचे दार तरी सताड उघडे हवे.

सिल्वासाच्या शिपायासाठी हे दार कुठे आहे? १९६१ मध्ये दादरा आणि नगर हवेली भारतात विलीन झाली आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या कक्षेत आली. २०२० मध्ये दमण-दीवशी तिचे एकत्रीकरण झाले, तरी मुंबईची वाट चुकली नाही. सेवाविषयक तंटे झटपट सुटावेत म्हणून १९८५च्या कायद्याने प्रशासकीय न्यायाधिकरणे आली. १९९७च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर त्यांचे निर्णय पुन्हा उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे जाऊ लागले. तत्त्वतः ते योग्यच. परंतु पायऱ्या कमी होण्याऐवजी एक वाढली. प्रत्येक तारखेला रजा मागायची ती ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याच खात्याकडे; मग वापी गाठायची, गाडी पकडायची, आणि मुंबईत ‘पुढील तारीख’ ऐकून परतायचे.

याहून बोचते ती विषमता. न्यायाधिकरणाकडे जाण्यासाठी कर्मचाऱ्याला साधारणतः एका वर्षाची मुदत असते. उशीर झाला, तर ‘हक्कावर झोपलात’ असे ऐकावे लागते. तरसेम सिंग प्रकरणात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उशिरा आलेल्या निवृत्तिवेतनधारकाची थकबाकी तीन वर्षांपुरती मर्यादित केली. नियम तर्काला धरून आहे. पण शिपाई झोपला तर हक्क बुडतो. फाईल झोपली तर कोणाचे काय बुडते?

तत्त्व ठाऊक नाही, असेही नाही. मध्य प्रदेशातील बानी सिंग या पोलीस अधिकाऱ्यावर १९७५-७६च्या घटनांबद्दल १९८७ मध्ये दोषारोप ठेवले गेले. ते रद्द करणारा न्यायाधिकरणाचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्ये कायम केला. विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवावी, असे त्याच न्यायालयाने २०१५ मध्ये सांगितले. खात्याला घालून दिलेली ही मुदत न्यायासनाने स्वतःला का लावू नये?

यावर कोणी म्हणेल, पोलिसांना विलंबाचा फायदाच होतो. होतो, पण कोणत्या पोलिसांना? ख्वाजा युनुस कोठडीमृत्यू प्रकरणातील चार आरोपी पोलीस २००४ मध्ये निलंबित झाले आणि जून २०२० मध्ये, खटल्याचा निकाल लागलेला नसतानाच, सेवेत परतले. ते दोषी असतील, तर ही सोळा वर्षे मृताच्या आईवर अन्याय. निर्दोष असतील, तर त्या चौघांवर. विलंबाने कोणाला न्याय मिळाला, हे कोणी सांगावे!

प्रकरणे फार, न्यायाधीश थोडे, हे उत्तर पाठ झाले आहे. परंतु न्यायाधिकरणाच्या रिकाम्या खुर्च्या भरण्याचे अधिकार सरकारकडे, आणि त्या खुर्चीपुढे प्रतिवादी म्हणून उभे राहते तेही सरकारच. रिकाम्या खुर्चीचा लाभ कोणाला, हे वेगळे सांगायला नको. शिवाय मनात आणले तर काय होते, तेही आपण पाहिले आहे. ऑगस्ट २००८ मध्ये बडतर्फ झालेल्या मुंबईच्या एका नामांकित पोलीस अधिकाऱ्याची बडतर्फी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने मे २००९ मध्ये रद्द केली. तो निर्णय बरोबर की चूक, हा वाद निराळा. नऊ महिन्यांत निर्णय देता येतो, एवढे त्याने सिद्ध केले. मग अनामिक हवालदाराला तो वेग का मिळू नये?

मागण्या साध्या आहेत. निवृत्ती जवळ आलेल्यांची प्रकरणे आधी ऐकावीत. फिरत्या पीठाने सिल्वासात ठरावीक काळाने बसावे. सरकारने उत्तर दाखल करण्यास चालढकल केली, तर थकबाकीवर व्याज लावावे, आणि ते फाईल अडवणाऱ्याच्या खिशातून वसूल व्हावे.

आपल्या प्रशासकीय मराठीने अशा दिरंगाईसाठी एक सुबक शब्द घडवला आहे : ‘मानीव दिनांक’. निवृत्तीनंतर हवालदाराला कळते की, अमुक तारखेपासून तो फौजदार होता असे मानण्यात आले आहे. वेतननिश्चितीही ‘काल्पनिक’. पदोन्नती मानीव, वेतन काल्पनिक. खरी असते ती फक्त त्याची गेलेली वर्षे.