पाडव्याची ती पाच मिनिटं

2 एप्रिल 2022, गुढीपाडव्याची संध्याकाळ. चंद्रपूरला आमच्या गच्चीवर फोटोसेशन चालू होतं. अचानक आकाशातून जळते तुकडे रांगेत जाताना दिसले. सगळे गप्प! "पाच मिनिटं तरी चाललं बाप्पा," आजी म्हणाली. मी म्हटलं, दोन. दादाच्या मोबाईलचं शूटिंग आधीपासूनच चालू होतं. त्यात भरलं जेमतेम एक मिनिट.

तेव्हा मी आजीला हसलो. आज वाटतं, चुकलोच. घाबरलेला मेंदू बारीकसारीक सगळं टिपून ठेवतो, म्हणून आठवणीतला वेळ ताणला जातो. माझाही ताणला होताच की!

पण मित्रांनो, इथे वेळेलाच महत्त्व आहे. उल्का बहुधा काही सेकंदांत विझते. कक्षेतून पडणारं भंगार तिच्यापेक्षा हळू येतं, म्हणून जास्त वेळ दिसतं. त्याच रात्री सिंदेवाही तालुक्यातल्या लाडबोरीत सुमारे 3 मीटर व्यासाचं धातूचं कडं सापडलं. ते चिनी रॉकेटचं असावं, असं तज्ज्ञ म्हणाले. कुणाच्या डोक्यावर पडलं नाही, हे नशीब!

पुढच्या वेळी नुसतं बघत राहू नका, मनात आकडे मोजा. आणि आजीला हसण्याआधी स्वतःचा आकडा तपासा.