जाहिरात नाकारली तेव्हा आणि मिळते तेव्हा

बाबासाहेबांनी ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' सुरू केले. पैसे घेऊनही त्याची जाहिरात छापायला 'केसरी' तयार नव्हता. आज गुगल अ‍ॅडसेन्स आपल्या मराठी लिखाणाला स्वतःहून जाहिराती देते. अमरावती-अकोल्यातल्या आपल्या पोरांनी त्यातून चार पैसे मिळवले तर त्यात गैर काहीच नाही.

पण २०१८ मध्ये आलेल्या 'ऑटो अ‍ॅड्स'मध्ये जाहिरात कुठे बसवायची हे यंत्र ठरवते. तुम्ही अंधश्रद्धेविरुद्ध लिहायचे आणि त्याच लेखाच्या पोटात भविष्यवाल्याची जाहिरात झळकायची! मग आपल्या लिखाणावर धंदा कोणाचा चालतो?

मित्रांनो, 'ब्लॉकिंग कंट्रोल्स'मध्ये जाऊन ज्योतिष आणि धर्म हे वर्ग आधी बंद करा. मिळकत घटली तर घटू द्या. तशीही १०० डॉलर जमल्याशिवाय रक्कम हाती येत नाही. तेवढ्यासाठी लेखणी मवाळ करू नका.

'मूकनायक'ला शाहू महाराजांनी २,५०० रुपयांची मदत केली होती. ती विचाराला होती. आपलेही लिखाण समाजाच्या वर्गणीवर उभे राहावे, जाहिरात ही फक्त वरकमाई असावी.

जय भीम!